दुसरं गाणं दहाव्या नंबरवर आलं, म्हणून सगळं संपलं का?

"टीव्हीवर किती गाजला होता हो आमचा मुलगा! आता कुणी विचारत नाही. त्याचं करिअर संपलं का?" हा प्रश्न घेऊन माझ्याकडे समुपदेशनाला येणारे आईवडील गेल्या काही वर्षांत इतके वाढलेत, की त्याचं उत्तर एकदा सविस्तर लिहायचं ठरवलं. कुणी गायनाच्या कार्यक्रमातलं, कुणी नृत्याच्या. घरातलं चित्र मात्र सारखंच असतं. शोकेसमध्ये ट्रॉफी, आईच्या मोबाइलमध्ये जुन्या क्लिप्स आणि खोलीचं दार लावून बसलेला विशीतला मुलगा.

ज्याच्याविषयी लिहिते आहे तो एक मुलगा नाही. तीन-चार मुलांच्या गोष्टी मी एकत्र केल्या आहेत आणि ओळख पटेल असं सगळं काढून टाकलं आहे. एका कार्यक्रमाने त्याला आणखी चार मुलांबरोबर एका बँडमध्ये बसवलं. पहिलं गाणं लोकांनी उचलून धरलं, महोत्सवांच्या सुपाऱ्या मिळाल्या, दुसरं गाणं कधी आलं नि कधी गेलं ते कळलंही नाही. मग एक मुलगा बाहेर पडला आणि पाठोपाठ सगळंच थांबलं.

तो आला तोच पुरावा घेऊन. रात्र रात्र जागून तो अशाच बुडालेल्या बँड्सची माहिती शोधत होता. त्यात त्याला 'वन ट्रू व्हॉइस' सापडला होता. "ही आमचीच गोष्ट आहे, मॅडम," असं म्हणून त्याने फोन माझ्यापुढे धरला.

गोष्ट ब्रिटनची. २००२ साली तिथल्या आयटीव्ही वाहिनीवर 'पॉपस्टार्स : द रायव्हल्स' हा कार्यक्रम झाला. दहा मुलं, दहा मुली, प्रेक्षकांची मतं. शेवटी पाच मुलांचा एक बँड आणि पाच मुलींचा एक. दोघांची गाणी एकाच दिवशी बाजारात आणायची आणि नाताळच्या आठवड्यात विक्रीच्या यादीत पहिल्या नंबरवर कोण येतं ते बघायचं, अशी ती चुरस होती. मुली, म्हणजे 'गर्ल्स अलाउड', पहिल्या आल्या. मुलांचा 'वन ट्रू व्हॉइस' दुसरा. पुढच्या उन्हाळ्यात मुलांचं दुसरं गाणं आलं, ते दहाव्या नंबरपर्यंत पोचलं. ऑगस्ट २००३ मध्ये बँड मोडला. एकसुद्धा अल्बम निघाला नाही.

"दोन गाणी आणि खेळ खलास," तो म्हणाला. "आमचं वेगळं काय झालंय?"

अशा वेळी 'होईल रे सगळं चांगलं' हे वाक्य मी उच्चारत नाही. ते ऐकून मूल आणखी एकटं पडतं. माझी श्रद्धा दुसऱ्याच गोष्टीवर आहे, आणि इतक्या वर्षांच्या कामाने ती पक्की होत गेली आहे. घडलेली गोष्ट माणसाला पाडते त्याहून जास्त त्याने तिचा लावलेला अर्थ पाडतो. म्हणून मी त्याला एवढंच सांगितलं, की हीच गोष्ट घरी जाऊन लिहून आण. फक्त काय झालं, कधी झालं, किती झालं. 'बिचारे', 'फ्लॉप', 'संपले' असला एकही शब्द नको.

पुढच्या वेळी त्याने कागद आणला. जेमतेम सहा ओळी होत्या. दोघांनी मिळून वाचायला घेतल्या.

"पहिलं गाणं दुसऱ्या नंबरवर कशामुळे आलं असेल?"

"चांगलं असेल."

"असेल. आणि त्याआधी कित्येक आठवडे टीव्हीवर कोण दिसत होतं?"

"तेच."

"दुसरं गाणं आलं तेव्हा?"

"तेव्हा कार्यक्रम संपून सहा महिने झाले होते." तो थांबला. कागदाकडे बघत राहिला. "म्हणजे दुसरा नंबर टीव्हीचा होता. दहावा त्यांचा."

मी काहीच बोलले नाही. समुपदेशनात असे क्षण वरचेवर येत नाहीत, आणि आले की समुपदेशकाने तोंड बंद ठेवायचं असतं, हे मी शिकले आहे. थोड्या वेळाने तोच पुढे म्हणाला, "अख्ख्या ब्रिटनमध्ये दहावा. याला मी रोज रात्री अपयश म्हणतोय."

दहाव्या नंबरात आधीच्या प्रसिद्धीचा वाटा नव्हताच असं नाही. पण त्याने जे पकडलं होतं त्याचा गाभा खरा होता. कार्यक्रम चालू असताना लोक स्पर्धा बघत असतात. कोण राहतो, कोण जातो, आपल्या मताचं काय झालं, यात त्यांचा जीव अडकलेला असतो. अंतिम फेरी झाली की ती गर्दी उठून जाते. गाणारा त्या एका रात्रीत बेसूर झालेला नसतो. गर्दी ज्यासाठी आली होती ते संपलेलं असतं. त्यानंतर जे थोडे लोक उरतात, तिथून गायकाचं काम सुरू होतं. आईवडील ज्याला करिअरचा शेवट म्हणतात तो बहुतेक वेळा कार्यक्रमाचा शेवट असतो. करिअर अजून सुरूच व्हायचं असतं. इतक्या मुलांबरोबर बसल्यावर मला हे दिसलं आहे, आणि आता मी ते ठामपणे सांगते.

मग मी त्याला विचारलं, "तुमचं दुसरं गाणं किती जणांनी ऐकलं?" त्याने आकडा सांगितला, अगदी पुटपुटत. तो आकडा त्याने घरातसुद्धा कधी उच्चारला नव्हता. मी म्हटलं, "यातले किती तुला मतं देणारे आणि किती तुझं गाणं शोधून ऐकणारे?" उत्तर त्याच्याकडे नव्हतं, माझ्याकडेही नव्हतं. पण त्या दिवशी पहिल्यांदा तो आपल्या ऐकणाऱ्यांविषयी बोलला. एका बाईंनी गाण्यातल्या एका आलापाबद्दल त्याला लांबलचक मेसेज पाठवला होता, त्याला उत्तर द्यायचंही राहून गेलं होतं.

आधी बाहेर पडलेल्या मित्रावर त्याचा फार राग होता. त्यावर आम्ही बरंच बोललो. या पाच जणांनी एकमेकांना निवडलंच नव्हतं. प्रेक्षकांनी एकेकाला निवडलं आणि वाहिनीने एकत्र उभं केलं. पाच अनोळखी मुलांची वर्षभरात घट्ट मैत्री होईलच, असं कुणी कुणाला लिहून दिलेलं नव्हतं. हे उमगल्यावर राग ओसरला. खाली साधं दुःख होतं, सोबत गेल्याचं. ते त्याने रडून मोकळं केलं.

वडिलांचा प्रश्न मात्र तसाच होता. "मग त्या मुली कशा टिकल्या, मॅडम? त्यांनाही टीव्हीनेच आणलं होतं ना?" प्रश्न रास्त आहे. गर्ल्स अलाउडची सलग वीस गाणी पहिल्या दहांत आली, बँड २०१३ पर्यंत चालला. पण त्यांना पहिल्याच गाण्यापासून ब्रायन हिगिन्स यांच्या 'झेनोमेनिया' या चमूचा नवा, वेगळा आवाज मिळाला. मुलांच्या हातात पहिल्यांदा आलं ते 'बी जीज' या जुन्या नावाजलेल्या बँडने आधीच गायलेलं गाणं. गाणं कुणाला कोणतं मिळतं, कंपनी किती थांबते, हे गाणाऱ्याच्या गळ्यावर ठरत नाही. याच्या आधीच्या, २००१ च्या 'पॉपस्टार्स'मध्ये तर जिंकलेल्यांचा 'हिअरसे' हा बँड पुढच्याच वर्षी मोडला आणि शेवटच्या टप्प्यावर नाकारलेल्या पाच जणांनी काढलेला 'लिबर्टी एक्स' त्याच्यापेक्षा कितीतरी जास्त टिकला. 'वन ट्रू व्हॉइस'मधला कीथ सेंपल अमेरिकेत गेला, तिथे रॉक बँडमध्ये गायला लागला आणि २०१५ मध्ये तिथल्या 'द व्हॉइस' या गायनस्पर्धेत उतरला. आपल्याकडे चॅनल व्हीच्या 'पॉपस्टार्स'मधून आलेला 'आस्मा' हा बँड आज किती जणांना आठवतो? त्यातली नीती मोहन मात्र आज हिंदी चित्रपटातली नावाजलेली गायिका आहे. बँड अल्पायुषी ठरला म्हणून त्यातला माणूस ठरत नाही.

आईवडिलांना माझं सांगणं आहे. पाहुणे आले की जुनी क्लिप लावू नका. तुम्हाला तो अभिमान वाटतो, मुलाला ती आपल्याच शोकसभेसारखी वाटते. 'नवीन काय चाललंय?' हा प्रश्न नातेवाइकांनी विचारला तर उत्तर त्याला देऊ द्या. गुरू सुटले असतील तर पुन्हा जोडून द्या, कारण रियाजाच्या खोलीत कुणी मतं मोजत नाही. राहिलेली पदवी पूर्ण करायला सांगताना 'गाणं काही जमलं नाही, आता निदान...' अशी सुरुवात करू नका. वाहिनीशी किंवा कंपनीशी झालेला करार एखाद्या वकिलाकडून वाचून घ्या. किती काळ दुसरीकडे गायला बंदी आहे हेच कित्येक घरांत ठाऊक नसतं, आणि मूल मात्र आपल्याला कुणी बोलावत नाही म्हणून झुरत असतं.

आमच्या या मुलाने गावाकडच्या गणेशोत्सवाचं आमंत्रण आधी दोनदा नाकारलं होतं. या वर्षी गेला. पेटी आणि तबल्यावर गायला, बँडचं गाणं घेतलं नाही. सध्या तो शनिवार-रविवार लहान मुलांना शिकवतो आणि स्वतःची दोन गाणी बांधतो आहे. ती कधी येतील हे त्याने मला सांगितलेलं नाही, मीही विचारलेलं नाही.

एका बाबतीत मात्र वाट पाहू नका. झोप उडाली असेल, जेवण सुटलं असेल, गाणं ऐकणंसुद्धा नकोसं झालं असेल आणि हे दोन आठवड्यांच्या पुढे चाललं असेल, तर मानसोपचारतज्ज्ञांना दाखवा. जगण्यात अर्थ नाही असं मूल एकदा जरी बोललं, तरी त्याच दिवशी. केंद्र सरकारची टेलिमानस ही मानसिक आरोग्यासाठीची दूरध्वनी सेवा १४४१६ या क्रमांकावर चोवीस तास मोफत चालू असते आणि तिथे मराठीतून बोलता येतं.