कायदा सल्ला : हुकूमनामा हाती, दरखास्त मात्र निकाली

प्रश्न : एका व्यापाऱ्याकडून येणे असलेल्या चार लाख ऐंशी हजार रुपयांचा हुकूमनामा (न्यायालयाचा वसुलीचा निर्णय) मला मार्च २०१६ मध्ये मिळाला. पैसे न आल्याने २०२१ मध्ये दरखास्त (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) दाखल केली आणि त्याचा बिगरशेती भूखंड जप्तही झाला. पुढे एका तारखेला आमचे वकील गैरहजर राहिले आणि दरखास्त काढून टाकण्यात आली. हे मला पाच महिन्यांनी समजले. विलंब माफ करून ती पुन्हा चालू करता येईल का? (एक वाचक, सातारा जिल्हा)

उत्तर : ती दरखास्त त्याच क्रमांकावर पुन्हा चालू होणे फार अवघड आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१ (म्हणजे अंमलबजावणीविषयीचे प्रकरण), नियम १०६ प्रमाणे त्यासाठीचा अर्ज दरखास्त काढून टाकल्याच्या आदेशाच्या तारखेपासून तीस दिवसांत द्यावा लागतो, आणि मुदत कायद्याच्या कलम ५ मधील विलंबमाफीची तरतूद आदेश २१ खालील अर्जांना लागूच होत नाही, असे त्या कलमातच म्हटले आहे. दाव्यात किंवा अपिलात ‘वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला नको’ हा युक्तिवाद पुष्कळदा ऐकला जातो; इथे मात्र कारण कितीही खरे असले तरी मुदत वाढवण्याचा अधिकारच न्यायालयाला नाही. दामोदरन पिल्लई विरुद्ध साउथ इंडियन बँक या २००५ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितले आहे. आदेश उशिरा कळला, या सबबीचाही तुम्हाला उपयोग नाही, कारण माहिती झाल्यापासून मुदत मोजण्याची सवलत नोटीस नीट न बजावता झालेल्या एकतर्फी आदेशापुरती आहे. तरीही रोजनाम्याची (न्यायालयातील तारीखवार कामकाजाच्या नोंदीची) नक्कल काढून ती तारीख सुनावणीची होती की नुसती बेलिफाच्या अहवालासाठी होती, हे पाहा. गैरहजेरीत दरखास्त काढून टाकण्याचा अधिकार देणाऱ्या नियम १०५ चे शब्द सुनावणीच्या तारखेबद्दल असल्याने तेवढा एक मुद्दा वकिलांना मांडता येईल.

त्याच्या भरवशावर मात्र थांबू नका. दरखास्त गैरहजेरीत निकाली निघाल्याने हुकूमनामा संपत नाही. पैशाच्या हुकूमनाम्याची अंमलबजावणी मुदत कायद्याच्या अनुच्छेद १३६ प्रमाणे बारा वर्षांपर्यंत मागता येते, म्हणजे हुकूमनाम्याची तारीख मार्च २०२८ मध्ये उलटण्यापूर्वी तुम्हाला नवी दरखास्त देता येईल.

माझ्या मते तुमची खरी अडचण मुदतीपेक्षा जप्तीची आहे. दरखास्त काढून टाकताना जप्ती चालू राहील की उठेल हे न्यायालयाने नमूद करायचे असते, आणि आदेशात तसे काहीच लिहिलेले नसेल तर नियम ५७ प्रमाणे जप्ती उठल्याचे मानले जाते. जप्ती असताना ऋणकोने केलेली खासगी विक्री कलम ६४ मुळे तुमच्याविरुद्ध निरर्थक ठरली असती. जप्ती उठल्यानंतर केलेल्या विक्रीला ते संरक्षण नाही, आणि मग धनकोंना फसवण्यासाठीच हस्तांतर झाले हे वेगळे सिद्ध करत बसावे लागेल. म्हणून दुय्यम निबंधक कार्यालयातील सूची क्रमांक दोन (नोंदलेल्या व्यवहारांची यादी) आणि भूखंडाचा चालू उतारा याच आठवड्यात पाहा. भूखंड अजून त्याच्याच नावावर असेल तर नव्या दरखास्तीतच पुन्हा जप्ती मागा.

हुकूमनाम्याला दोन वर्षांहून अधिक काळ लोटला असल्याने नियम २२ ची (अंमलबजावणी का होऊ नये, हे ऋणकोला विचारणारी) नोटीस लागेल का, हे जुन्या दरखास्तीत ऋणकोविरुद्ध शेवटचा आदेश कधी झाला यावर ठरेल. तो दोन वर्षांच्या आतला असेल तर केवळ काळ लोटला म्हणून नोटीस द्यावी लागत नाही, आणि भूखंड विकण्यास ऋणकोला तेवढी कमी सवड मिळते.

भारतातील पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यावरच सुरू होतात, असे ब्रिटिश काळातील सर्वोच्च अपील न्यायालय असलेल्या प्रिव्ही कौन्सिलने १८७२ मध्येच म्हटले होते. सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढण्याचे निर्देश दिले आहेत खरे, पण ‘निकाली’ या सदरात तुमच्यासारखी गैरहजेरीत संपलेली दरखास्तही मोजली जाते. भूखंड हातचा गेलाच असेल, तर नियम ४१ खाली ऋणकोकडून मालमत्तेचे प्रतिज्ञापत्र मागवा; आदेश होऊनही ते न दिल्यास त्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते.