सहीपुरती उघडी जागा

प्रश्न : विल्की कॉलिन्सची ‘द वुमन इन व्हाइट’ वाचली. दीडशेहून अधिक वर्षं जुनी, मारामारी फारशी नाही, तरी रात्री दोनपर्यंत खाली ठेववेना. या जुन्या रहस्यकादंबऱ्या इतक्या का धरून ठेवतात?
– एक वाचक, साखळी

उत्तर : मला धरून ठेवलं ते सहीच्या प्रसंगानं. सर पर्सिव्हल बायकोपुढे दस्त ठेवतो, पण घडी घालून. सहीपुरती जागा उघडी. आत काय आहे ते कळू दे, एवढंच लॉरा म्हणते. तो भडकतो.

फोंड्याला वकिलाच्या कचेरीत मी सव्वीस वर्षं दस्त टाइप केले. आपल्याकडे गोव्यात १८६७ च्या पोर्तुगीज नागरी संहितेपासून नवरा-बायकोची मालमत्ता सहसा समाईक, म्हणून विक्रीखतावर तिचीही सही लागते. तरी शेवटच्या पानावर बोट ठेवून “हांगा सही कर” म्हणणारे नवरे मी पाहिलेत. एक म्हाताऱ्या बाई चष्मा घरी विसरल्या होत्या. नवरा म्हणाला, सहीला चष्मा कशाला? मी खुर्ची ओढून त्यांच्याजवळ बसले आणि बाराही पानं वाचून दाखवली. पाचव्या पानावर त्यांनी माझा हात धरला. परसातली विहीरही विक्रीत होती, हे त्यांना तेव्हा कळलं.

ही कादंबरी १८५९-६० मध्ये साप्ताहिकातून हप्त्याहप्त्यानं आली. इंग्लंडमध्ये विवाहितेला स्वतःची मालमत्ता स्वतंत्रपणे बाळगण्याचा पुरता हक्क मिळाला तो १८८२ च्या कायद्यानं. तेव्हा नवऱ्यापुढच्या अशा सहीचं भय वाचणाऱ्या बायकांच्या घरातलंच होतं. भुताला दार लावता येतं हो, घरधन्याला कसं लावणार?

कॉलिन्सकडे वकिलीची सनद होती, वकिली मात्र त्यानं केली नाही. पण गोष्ट सांगताना तो साक्षीदार उभे करतो. ज्यानं जे पाहिलं तेवढंच त्यानं सांगायचं. मग कोण काय गाळतोय हे आपणच हुडकत बसतो. झोप उडते ती त्यानं.

आता त्याचीच १८६८ ची ‘द मूनस्टोन’ घ्या. श्रीरंगपट्टणच्या १७९९ च्या लुटीत हाती लागलेला हिरा इंग्लंडातल्या एका घरातून नाहीसा होतो. सगळे हिरा शोधत असतात. तपासाला आलेला पोलीस सार्जंट कफ मात्र ताज्या रंगावर कुणाचा कपडा घासला ते पाहतो आणि घरातली धुण्याची वही मागतो. त्या पानापर्यंत पोचलात की मला जरूर लिहा.