आधी त्या रिक्षावाल्याला खरं सांग

लीड्सहून एका लेकाचं पत्र आलंय. मोठं आहे, थोडक्यात सांगते. आई ७६ वर्षांची, सांगलीत गावभागात एकटी राहते, वडील जाऊन तीन वर्षं झाली, बहीण मिरजेत. आई फोनवर तेच तेच विचारते, दोनदा दुधाचं पातेलं जळलं, आणि गेल्या महिन्यात भाजी आणते म्हणून निघाली ती सापडली शाळेच्या फाटकाशी, खांद्याला पर्स, हातात छत्री. त्या शाळेतून रिटायर होऊन तिला अठरा वर्षं झालीयत. कोपऱ्यावरच्या एका रिक्षावाल्यानं ओळखलं आणि घरी आणून सोडलं. डॉक्टरांनी अल्झायमर सांगितलंय. लेक विचारतो, काकू, आईला इकडं आणू का, की कॅमेरे बसवू, की चांगला वृद्धाश्रम बघू? आणि प्लीज गावात कुणाला कळणार नाही असं काहीतरी सांगा, लोक वेडी म्हणतील, तिनं सगळं आयुष्य मानानं काढलंय.

काकू म्हणालास म्हणून अरे-तुरे करते हं. बाकीचं नंतर, आधी ते शेवटचं वाक्य. तू रिक्षावाल्याला फोन करून थँक्यू म्हणालास, चांगलं केलंस, पण त्याला सांगितलंस काय, तर आईला ऊन लागलं असेल. आता पुढच्या वेळी बाई त्याच्या रिक्षात बसून मला शाळेत सोड म्हणाल्या तर तो काय करणार, सोडणारच की, जुन्या बाई आहेत, काहीतरी कार्यक्रम असेल म्हणून. तुझ्या आईला त्या दिवशी ज्या एका माणसानं सांभाळलं त्यालाच तू अंधारात ठेवलंस.

मी हे तोंड वर करून सांगतेय पण आम्ही पण हेच केलं होतं. माझ्या सासूबाईंना आठ वर्षं हा आजार होता आणि त्यातली पहिली दोन आम्ही 'त्यांना हल्ली ऐकू कमी येतं' असं सांगत काढली. एकदा दिवाळीच्या आधी माळ्यावर चढले तर डब्यांमागं साखरेच्या पुड्याच पुड्या, मोजल्या तर अकरा किलो. रोज संध्याकाळी पिशवी घेऊन वाण्याकडं जायच्या, साखर संपलीय म्हणायच्या, आणायच्या, ठेवायच्या आणि विसरायच्या. वाण्याला वाटलं आमच्याकडं कार्य निघालंय. शेवटी मी गेले आणि दुकानात गर्दी नाही बघून सांगून टाकलं, तर तो म्हणतो, "वैनी, आदीच सांगायचं नव्हं का, आमच्या आज्जीचं पण आसंच झालतं." त्यानंतर तो पैसे घ्यायचा, पुडी बांधायचा, आज्जी, पोरगं आणून देतंय म्हणायचा आणि रात्री आमचे हे जाऊन पैसे परत आणायचे. चार वर्षं चाललं हे. कुणी वेडी म्हणालं नाही. म्हणजे एक दोघी म्हणाल्या असतील, पण त्या तशाही काहीतरी म्हणतच असतात.

तुमच्या इंग्लंडात डिमेन्शिया फ्रेंड्स म्हणून मोहीम आहे ना, अल्झायमर्स सोसायटीनं २०१३ मध्ये काढलेली, ज्यात साध्या माणसांना, दुकानदारांना, बसवाल्यांना या आजाराची ओळख करून देतात. आणि पोलिसांचा तो हर्बर्ट प्रोटोकॉल, म्हणजे माणूस हरवायच्या आधीच घरच्यांनी भरून ठेवायचा फॉर्म, त्यात फोटो, औषधं, जुने पत्ते, जुनी नोकरी, नेहमीच्या जागा. मला हे फार आवडलं कारण हरवलेलं माणूस पुष्कळदा जुन्या कामाकडं नाहीतर माहेराकडं चालत सुटतं, तुझी आई गेली तशी. सांगलीत असा फॉर्म तुला कोण देणार नाही, एका कागदावर तूच लिही. अलीकडचा फोटो, चष्मा कसला, कोणत्या नावानं हाक मारली की वळते (शाळेत आडनावापुढं बाई लावून हाक मारत असतील तर ते लिही), शाळा, माहेरचा वाडा, गणपती मंदिर, कृष्णेचा घाट. घाट आधी लिही, नदी जवळ आहे तुमच्या. या कागदाच्या प्रती वाणी, मेडिकलवाला, दूधवाला, रिक्षा स्टॉप, शाळेचा शिपाई आणि शेजारच्या दोन घरांत. सांगताना भाषण नको, "आईला विसरायला होतंय, एकटी दिसली तर रागावू नका, अडवू नका, चला बाई चहा घेऊ म्हणा आणि या नंबरला फोन करा" एवढंच. नंबर कापडी पट्टीवर लिहून तिच्या पर्सला आतून आणि परकराच्या नेफ्याला शिवून टाकायचा, गळ्यात पाटी बिटी अजिबात नको, मास्तरीण आहे ती.

आता लीड्सला आणायचं. व्हिजिटर व्हिसावर एका वेळी सहा महिने, कायमचं आणायचा तुमच्याकडचा नियम किती कडक आहे तुला ठाऊक आहे, आणि नवीन घरात रात्री बाथरूम कुठंय हेच तिला सापडणार नाही. या आजारात नंतर शिकलेली भाषा आधी जाते आणि मायबोली मागं राहते, मग तिकडं दिवसभर ती बोलणार कुणाशी? तुम्ही दोघं ऑफिसला, बाहेर थंडी, चारला अंधार. माझं मत स्पष्ट आहे, नको. कॅमेरा एक दारापाशी बसव, पण लीड्सहून जळणारं पातेलं दिसलं तरी तू ते उतरवणार कसं, त्यापेक्षा दिवसभराची बाई ठेव आणि बाई नसेल तेव्हा सिलिंडरचा रेग्युलेटर बंद. वृद्धाश्रमाचं आजच ठरवू नकोस, पण पाप पण समजू नकोस, पुढं रात्री सांभाळणं जमेनासं होतं तेव्हा बघायला लागतं.

डॉक्टरांचं, बी १२ आणि थायरॉइड तपासलंय का विचार, त्यांच्या कमतरतेनं पण विसरायला होतं आणि ते औषधानं सुधारतं. झोपेच्या, सर्दीच्या, अॅलर्जीच्या सगळ्या गोळ्यांची यादी पण दाखव, काही गोळ्यांनी डोकं अजून गढूळ होतं. डोनेपेझिल, मेमंटीन वगैरे या आजाराच्या गोळ्यांनी थोडा आधार मिळतो, आजार जात नाही. आणि हे पाठ कर, दोन दिवसांत एकदम बिघडली, भलतंच बोलायला लागली, तर आजार वाढला म्हणून गप्प बसायचं नाही, लघवीचं इन्फेक्शन, सोडियम कमी होणं, पाणी कमी पडणं यातलं काहीही असतं, त्याच दिवशी मिरजेला न्यायचं. मिरज म्हणजे दवाखान्यांचंच गाव, तेवढी सोय आपल्याला आहे.

कागदपत्रं मात्र घाईनं, आई अजून समजून सही करतेय तोवर. तिकडच्या लास्टिंग पॉवर ऑफ अॅटर्नीसारखं, म्हणजे समज गेल्यावरही चालणारं, इकडचं कुलमुखत्यारपत्र नसतं रे. आपल्या करार कायद्याच्या कलम २०१ प्रमाणे देणाऱ्याची समज गेली की ते संपतं, म्हणजे नेमकं जेव्हा लागणार तेव्हाच निरुपयोगी. मग पालक नेमून घ्यायला हायकोर्टात जावं लागतं (सांगलीकरांना आता मुंबई नको, २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच आहे, पण ती पायरी चढायला लागू नये हेच बरं). तेव्हा बचतीचं खातं बहिणीबरोबर 'आयदर ऑर सर्व्हायवर', म्हणजे दोघींपैकी कुणालाही चालवता येईल असं करून घ्या, मृत्युपत्र करताना डॉक्टरांचा दाखला जोडा आणि २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्याखाली या आजाराच्या मानसिक उपचारांचे निर्णय कुणी घ्यायचे ते तिच्याकडूनच लिहून घ्या. नोव्हेंबरचा हयातीचा दाखला मोबाइलवर चेहरा दाखवून घरूनच होतो, बँकेत ओढत न्यायला नको.

बहिणीबद्दल तू दीड ओळ लिहिलीस आणि त्यातही ती चिडचिड करते एवढंच. माझे दीर अमेरिकेतून दोन वर्षांनी आले, चार दिवस राहिले आणि म्हणाले आई तर एकदम नॉर्मल आहे, वहिनी तुम्ही उगाच. पाहुणा आला की ही माणसं कशी बशी सावरून बसतात, छान बोलतात, आणि पाहुणा गेला की दुप्पट ढासळतात, हे रोजच्या माणसालाच कळतं. मी तेव्हा काही बोलले नाही, स्वयंपाकघरात जाऊन पोळ्या लाटत बसले, अजून राग आहे. तू तसं करू नकोस. बाईचा पगार तू दे, तो तिला मागायला लावू नकोस, आणि वर्षातले पंधरा दिवस तू ये आणि बहिणीला कुठंतरी पाठवून दे, तेव्हा घरात फक्त तू. बहीण फारच थकली असेल तर १४४१६ हा टेली मानसचा, म्हणजे सरकारच्या मानसिक आधाराच्या हेल्पलाइनचा नंबर आहे, मराठीत बोलतात, आणि ज्येष्ठांसाठी १४५६७.

खोटं बोलावं का, असंही विचारलंयस. सासूबाईंना संध्याकाळ झाली की घरी जायचं असायचं, पिशवीत एक लुगडं, तांब्या आणि अडकित्ता भरून दारात उभ्या. मी आधी अहो हेच तुमचं घर म्हणून वाद घालायची, त्यांचा आवाज चढायचा, माझा चढायचा, मग एकदा दमून म्हणाले, जाऊया की, आधी देवापुढं दिवा लावू. दिवा लावला, शुभं करोति म्हटलं, पिशवी विसरल्या. २०१९ च्या पुरात आम्हाला विश्रामबागला हलावं लागलं, परत आलो तेव्हापासून त्या बारा महिने, मार्चच्या उन्हातसुद्धा रात्री विचारायच्या, आयर्विनला किती फूट? कृष्णेचं पाणी आयर्विन पुलापाशी चाळीस फुटांला इशारा आणि पंचेचाळीसला धोका हे त्यांच्या डोक्यातून शेवटपर्यंत गेलं नाही, नातवंडांची नावं गेली. नदीला पाणीच नाही म्हटलं की त्यांना वाटायचं मी लपवतेय. मग मी रोज पस्तीस सांगायची. पस्तीस म्हटलं की, "मग झोपा आता," असं मलाच सांगायच्या.

फोन तू ऑफिस सुटल्यावर करतोस म्हणजे इकडं रात्रीचे दहा, तेव्हा ती पार थकलेली असते. आपल्या सकाळी अकराला कर, तुझे उन्हाळ्यात साडेसहा, थंडीत साडेपाच, रविवारीच कर हवं तर. ओळखलंस का, काल काय जेवलीस, असली परीक्षा घेऊ नकोस, आधी स्वतःचं नाव सांग, मग तिला शाळेतलं काहीतरी विचार. आणि बहिणीकडून त्या रिक्षावाल्याचा नंबर परत घे, त्याला आजच फोन कर.