घरातलीच भांडीकुंडी पाहायला संग्रहालयात कशाला जायचे?

आपण विचारले आहे की, पुण्यातील राजा दिनकर केळकर संग्रहालयात “आजीच्या घरातले दिवे आणि भांडीच आहेत” असे ऐकले, तर त्यासाठी सुट्टीची एक सकाळ घालवावी का? अवश्य घालवावी. मात्र हाच प्रश्न, जवळजवळ याच शब्दांत, माझे थोरले बंधू मला गेली अनेक वर्षे विचारत आले आहेत, त्यामुळे उत्तर थोडे लांबणार आहे.

आमच्या आजीचा एक अडकित्ता होता. पाते पोलादी, दांड्या पितळेच्या आणि दोन्ही टोकांना एकमेकांकडे पाठ केलेले राघू. त्यांतल्या एका राघूची चोच आजीच्या अंगठ्याने घासून पार सपाट झाली होती. ती गेल्यानंतरच्या दिवाळीत आवराआवर करताना बंधूंनी तो अडकित्ता, एक चेपलेले घंगाळ आणि गळकी तपेली यांच्यासह मोडीत घातला, आणि तोही वजनावर. मी संध्याकाळी घरी पोहोचलो तेव्हा ओट्यावर फक्त पानाचा डबा उरला होता, कारण त्यात त्यांना स्क्रू ठेवायचे होते. “वापरात नाही ती अडगळ, आणि आपण काही राजेरजवाडे नव्हतो,” हा त्यांचा युक्तिवाद.

पुढे काही वर्षांनी मी शुक्रवार पेठेतील या संग्रहालयात गेलो आणि अडकित्त्यांच्या कपाटासमोर बराच वेळ उभा राहिलो. त्यांतले पुष्कळ अडकित्ते राजवाड्यातले असण्याचे काहीच कारण नाही. सुपारी कातरण्याच्या साध्या कामासाठी कोणा अनाम कारागिराने घोडा घडवला, कोणी पक्षी, कोणी स्त्री-पुरुषाची जोडी. टाचा घासायच्या वज्रीवर मोर बसवावा असे ज्याला वाटले, त्याच्या हातातली कला मला तरी दरबारी चित्रकाराच्या कलेहून कमी वाटत नाही. दिनकर गंगाधर केळकरांनी नेमके हेच हेरले होते. ‘अज्ञातवासी’ या नावाने कविता लिहिणाऱ्या या गृहस्थांनी १९२० च्या सुमारास वस्तू जमवायला सुरुवात केली, आणि दौती, फण्या, दिवे, वाद्ये, कोरीव दरवाजे असे करत, पत्नी कमलाबाई यांच्या साथीने, वीस हजारांहून अधिक वस्तूंचा संग्रह उभा केला. लहानपणीच गेलेल्या मुलाचे, राजाचे, नाव त्यांनी संग्रहालयाला दिले आणि सारा संग्रह महाराष्ट्र शासनाच्या स्वाधीन केला. यांतल्या कितीतरी वस्तू त्यांच्या हाती लागल्या नसत्या तर भट्टीत वितळल्या असत्या. लोकांनी जी अडगळ म्हणून काढली, तिच्यासाठी त्यांनी पदरचे पैसे मोजले. बंधूंच्या युक्तिवादाला माझ्याकडे याहून चांगले उत्तर नाही.

आता आपल्या प्रश्नाकडे वळतो. दोन ते अडीच तास हाताशी ठेवावेत. बहुतेक मंडळी थेट कोथरूडहून आणून पुन्हा उभारलेल्या मस्तानी महालाकडे धावतात आणि लहान वस्तूंच्या कपाटांवरून नुसती नजर फिरवतात. माझ्या मते हा क्रम चुकीचा आहे. महाल शेवटी पाहावा. एका प्रकारच्या वस्तू सलग पाहिल्या की, एकाच कामाला किती निरनिराळे आकार सुचले ते ध्यानात येते. घाईत सगळे दिवे सारखेच दिसतात.

दोन गोष्टी आधीच सांगायला हव्या होत्या. एक म्हणजे, संग्रहातील जेमतेम अडीच हजार वस्तू मांडलेल्या असतात, त्यामुळे कोणी वर्णन केलेली विशिष्ट वस्तू दिसेलच असे नाही. दुसरे म्हणजे, दालने वेगवेगळ्या मजल्यांवर आहेत, तेव्हा गुडघे दुखणाऱ्यांना सोबत नेताना विचार करावा. प्राचीन शिल्पांची ओढ असेल तर मुंबईचे छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालय अधिक समाधान देईल.

बंधूंची बाजूही सांगितली पाहिजे. घर दोन खोल्यांचे होते, माणसे सात होती आणि मी स्वतः त्या अडकित्त्याला कधी तेलाचे बोटही लावले नव्हते. परंतु मोडीत देण्याआधी एकदा विचारायला काय हरकत होती, हे मला अजून कळलेले नाही. त्यांना मी या संग्रहालयात तीनदा बोलावले. तिन्ही वेळा त्यांचे पुण्यात दुसरेच काम निघाले.