दादा कोंडक्यांचे चावट ग्रामीण चित्रपट एवढे का चालले?

कारण तो चावटपणा प्रेक्षकाला नवा नव्हताच. तमाशाच्या बतावणीत, म्हणजे विनोदी संवादांच्या भागात, सोंगाड्या पिढ्यानपिढ्या तसंच बोलत आला: वाक्य सरळ, अर्थ वाकडा. दादा आधी वसंत सबनिसांच्या ‘विच्छा माझी पुरी करा’ या लोकनाट्यात गाजले, मग १९७१ साली ‘सोंगाड्या’ हा चित्रपट आला. ढगळ अर्धी चड्डी, खाली लोंबणारी नाडी आणि चेहऱ्यावर ‘मी काय बोललो बुवा?’ असा भाबडा भाव. शब्दांत पकडण्यासारखं काही नाही, त्यामुळे सेन्सॉरचीही पंचाईत.

दादा वाढले मुंबईच्या नायगावात, गिरणगावात. गाव सोडून आलेल्या कामगाराला पडद्यावर आपलीच बोली ऐकू आली. पांढरपेशांनी नाकं मुरडली. त्यातले बरेच गुपचूप बघून आले म्हणा! पुढच्या नकलाकारांनी नाडी उचलली, भाबडेपणा मात्र जमला नाही.