निळाईची किंमत कोण मोजतं?

शहापूर, बेळगाव

चि. लेखकास,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या कथेची वही मिळाली आणि एका बैठकीत वाचून काढली. खानापूरच्या रानात जमिनीखालून झिरपणारी, अंधार पडला की ओढ्याच्या काठानं उजळणारी तुझी ती 'निळाई' मला मनापासून आवडली. तिच्यावर दिवे लागतात, माग चालतात, जखमा भरून येतात. पण अख्ख्या वहीत ती कुणालाच महाग पडत नाही. ती आहे आणि सगळ्यांना पुरते. माझी तक्रार एवढीच आहे, पण ती मोठी आहे.

जांबोटी-कणकुंबीकडं मे सरताना झाडं काजव्यांनी भरतात, ते तू लहानपणापासून बघत आलायस. त्या किड्याच्या पोटाच्या टोकाशी ल्युसिफेरिन नावाचं द्रव्य असतं. हवेतला ऑक्सिजन आणि ल्युसिफरेज हे विकर (एन्झाइम) यांच्यामुळं त्यातून उजेड पडतो, आणि तो जवळपास थंड असतो. पण फुकट नसतो. अळी असताना ओल्या मातीत गोगलगायी खाऊन जे अंगात साठवलं, त्यावर बऱ्याच जातींचे काजवे शेवटचे थोडे दिवस काढतात आणि त्यातलंच जोडीदाराला खूण करण्यात खर्च करतात. एवढ्याशा किड्याच्या उजेडामागं इतका जमाखर्च असतो. मग तुझ्या निळाईमागं काहीच नको?

माणसं चमकणाऱ्या वस्तूपुढं कशी वागतात, ते तुला सांगायलाच हवं. ब्राझीलमध्ये गोयानिया नावाचं शहर आहे. १९८७ च्या सप्टेंबरमध्ये तिथल्या एका ओस पडलेल्या दवाखान्यातून दोघांनी किरणोपचाराच्या यंत्राचा भाग काढला आणि भंगारवाल्याला विकला. आत सीझियम-१३७ हे किरणोत्सर्गी द्रव्य होतं. रात्री त्यातून निळा उजेड येताना भंगारवाल्यानं बघितला. त्याला ते काहीतरी मौल्यवान, दैवी वाटलं. त्यानं पाहुण्यारावळ्यांना बोलावून दाखवलं, कण वाटले. कुणी ते अंगाला चोळले. त्याच्या भावानं थोडी पूड घरी नेली, आणि त्याची सहा वर्षांची पोर हात न धुता जेवायला बसली. चार माणसं गेली, त्यात ती पोर होती. संशय आला तो भंगारवाल्याच्या बायकोला. घरातली माणसं एकामागून एक आजारी पडायला लागली, तशी ती उरलेला ऐवज पिशवीत घालून बसनं आरोग्य खात्याच्या कचेरीत गेली. तिच्यामुळं कितीतरी लोक वाचले. ती स्वतः वाचली नाही.

त्या बाईकडं नीट बघ. तिला विज्ञान ठाऊक नव्हतं. उजेड आला तेव्हापासून घरात काय बदललं, एवढं तिनं बघितलं. तुझ्या कथेत असं बघणारं माणूस एकच आहे, तिसऱ्या प्रकरणातली म्हातारी. दिवेलागणीला ती ओढ्याकडच्या खिडक्या लावून घेते, आणि तू तिला दोन ओळींत सोडून पुढं पळतोस! तिनं काय बघितलंय? तिच्या घरातलं कोण निळाई भरायला गेलं होतं?

आपल्याकडचंच बघ की. हिडकलचं धरण झालं, कालवे निघाले, ऊस उभा राहिला. पण हुन्नूरचं विठ्ठलाचं देऊळ पाण्याखाली गेलं, आणि उन्हाळ्यात पाणी उतरलं की लोक तिथं दर्शनाला जातात. पंपाला लागणारी थ्री फेज वीज रात्री येते म्हणून बाप बॅटरी घेऊन उसात जातो, आणि तो परत येईपर्यंत आईचा डोळा लागत नाही. वीज कुणाच्या झोपेवर चालते हे तुझ्या घरात तुला रोज दिसतं, आणि वहीत मात्र एकही माणूस जागा नाही. निळाई कोण भरतं, कुठल्या भांड्यात, ते भांडं रात्री कुणाच्या उशाशी असतं, हे लिही. राजा आणि त्याचं सिंहासन थोडं मागं राहू दे, त्यानं काही बिघडत नाही.

आणखी एक. निळाईच्या बाजारात सगळे एकाच साच्यातलं पुस्तकी मराठी बोलतात. नंदगडच्या बाजारात असं कधी ऐकलंस? तिथं एक जण कन्नडमध्ये भाव विचारतो, दुसरा मराठीत सांगतो आणि व्यवहार होऊन जातो. कल्पनेतलं जग म्हणून ते सपाट करू नकोस.

युद्धाची दोन प्रकरणं मात्र काढून टाक. ती तुझी नाहीत, वाचलेली आहेत.

म्हातारीचं प्रकरण आधी लिही आणि तेवढंच घेऊन ये. पोस्टानं पाठवू नकोस. रविवारी सकाळी मी घरीच असतो, समोर बसून वाचू. आणि तुझ्या आजीला विचार, गावात पहिल्यांदा वीज आली तेव्हा कुणाच्या घरात आधी आली, आणि कुणाच्या घरात सगळ्यात शेवटी. ती सांगेल ते तिच्याच शब्दांत उतरवून आण.

तुझा,
सर