भाऊआजोबांवरून ओवाळलेला भाकरतुकडा

चि. रेवास अनेक आशीर्वाद,

तुझा रात्रीचा निरोप आज सकाळी कामावर जाताना ऐकला. भाऊआजोबा पुण्याहून आले, फाटक उघडून आत आले आणि माईआजीने त्यांना उंबऱ्याबाहेरच थांबवलं. भाकरीचा तुकडा त्यांच्यावरून ओवाळला, मोडून अंगणात दोन्ही बाजूंना टाकला, पायांवर तांब्यातलं पाणी घातलं, डोळ्यांना पाण्याचा हात लावला आणि मग म्हणाली, "ये आता आत." तुझा प्रश्न असा की, ज्यांच्या हाताखाली अख्खा हवाई तळ होता ते एवढे मोठे ऑफिसर शाळेतल्या मुलासारखे गुपचूप उभे का राहिले? आणि त्यांचा या गोष्टीवर खरंच विश्वास आहे का? हे फोनवर घाईत सांगून उरकण्यासारखं नाही, म्हणून लिहिते आहे.

भाकरतुकडा ओवाळणं ही आपल्याकडची जुनी पद्धत. लांबून आलेल्या माणसाला वाटेत काही बाधलं असेल, कोणाची नजर लागली असेल, तर ते दाराबाहेरच राहावं म्हणून करतात. नव्या नवरा-नवरीवरून ओवाळतात, बाळ-बाळंतीण घरी आली की त्यांच्यावरून ओवाळतात. तुला पहिल्यांदा नाशिकला आणलं तेव्हा तुझ्यावरूनही ओवाळला होता, तू माझ्या खांद्यावर झोपलेली होतीस. पण पुण्याहून चार-पाच तासांत गाडीने आलेल्या माणसावरून कोणी ओवाळत नाही. तुला नवल वाटलं ते बरोबरच आहे. भाऊआजोबांचं कारण वेगळं आहे, आणि ते ओझरपासून सुरू होतं.

तुझे पणजोबा अप्पा, म्हणजे भाऊआजोबांचे आणि माईआजीचे वडील, ओझरच्या विमान कारखान्यात फिटर होते. १९६४ साली हिंदुस्थान एरोनॉटिक्सने मिग-२१ ही लढाऊ विमानं बनवण्यासाठी नाशिकजवळ तो कारखाना काढला. गावाला लोक आजही 'ओझर मिग' म्हणतात. परवाना रशियाचा, पण हात आपल्या माणसांचे. सहाशेहून जास्त मिग-२१ हिंदुस्थान एरोनॉटिक्सने बांधली. अप्पा सायकलवरून कामाला जायचे, आणि घरी आले की साबणाने कितीही धुतले तरी त्यांच्या हाताला तेलाचा वास राहायचा. भाऊआजोबा कारखान्याच्या कॉलनीत वाढले. चाचणीसाठी विमान उडालं की वर्गात मास्तरांचं बोलणं ऐकू यायचं नाही, आणि मुलं आवाजावरूनच ओळखायची की आत्ता आफ्टरबर्नर, म्हणजे इंजिनाचा जादा जोर, लावलाय. अप्पांनी जोडलेलं विमान आपण उडवायचं, हे त्यांनी तेव्हाच ठरवलं होतं.

ठरवणं सोपं होतं, पुढचं नव्हतं. एनडीएची, म्हणजे खडकवासल्याच्या राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीची, लेखी परीक्षा झाली की काही दिवसांची मुलाखत असते. वैमानिक व्हायचं असेल तर त्यात यंत्रावरची एक वेगळी चाचणी देतात. हात, पाय आणि नजर यांचा मेळ बसतो का ते त्यात बघतात. ही चाचणी आयुष्यात एकदाच देता येते. त्यात नापास झालेला मुलगा बाकी कितीही हुशार असला तरी हवाई दलात वैमानिक होऊ शकत नाही. भाऊआजोबा पास झाले. मग खडकवासल्याला तीन वर्षं, तिथून हैदराबादजवळ दुंडिगलच्या अकादमीत उड्डाणाचं शिक्षण, आणि छातीवर विंग्ज, म्हणजे वैमानिकाचं पंखांचं चिन्ह, लागल्या.

खडकवासल्याहून पहिल्या सुट्टीवर आले तेव्हा माझ्या आजीने दारात भाकरतुकडा ओवाळला. ती पहिली वेळ. त्यानंतर ते फ्लाइंग ऑफिसर म्हणून आले, फ्लाइट लेफ्टनंट म्हणून आले, स्क्वाड्रन लीडर झाले, विंग कमांडर झाले. खांद्यावरच्या पट्ट्या वाढत गेल्या, दारातलं काही बदललं नाही. आजी गेल्यावर ते काम माईआजीने घेतलं. कोणी सांगितलं नव्हतं, तिने आपणहून घेतलं.

आता यामागची भीती सांगते. तू बारा वर्षांची आहेस, तुला कळेल. मिग-२१ विमानं वेगवान होती, पण शिकाऊ वैमानिकाला ती फार चुकू देत नसत. उतरताना त्यांचा वेग पुष्कळ असायचा, इंजिन एकच. २०१२ साली सरकारने संसदेत सांगितलं की १९७१-७२ पासून तोवर मिग विमानांचे ४८२ अपघात झाले आणि त्यांत १७१ वैमानिक गेले. यांतले बरेचसे युद्धात गेलेले नाहीत, रोजच्या सरावात गेलेले आहेत. सकाळी चहा पिऊन निघालेली पंचविशीतली मुलं. घरातल्यांना हे आकडे ठाऊक नव्हते, पण अप्पा कारखान्यात होते. कुठे काही झालं की कारखान्यात कळायचं, आणि त्या संध्याकाळी अप्पा जेवताना बोलायचे नाहीत. आजी आणि माई त्यांच्या तोंडाकडे बघून ओळखायच्या.

१९९९ चा मे महिना मला चांगला आठवतो. २६ तारखेला हवाई दलाने कारगिलच्या शिखरांवर हल्ले सुरू केले. दुसऱ्याच दिवशी दोन विमानं गेली. फ्लाइट लेफ्टनंट नचिकेता यांच्या मिग-२७ चं इंजिन बंद पडलं आणि ते पाकिस्तानच्या हाती सापडले. आठ दिवसांनी त्यांची सुटका झाली. त्यांना शोधायला गेलेले स्क्वाड्रन लीडर अजय आहुजा यांचं मिग-२१ क्षेपणास्त्राने पाडलं, ते परत आले नाहीत. दोन्ही जातींची विमानं ओझरला बनत. हवाई दलाचे प्रमुख तेव्हा अनिल टिपणीस होते, म्हणून पंचवटीतल्या आमच्या शेजाऱ्यांना वाटायचं की आपला मराठी माणूस वर आहे, काळजी नको. माईला त्याने काही धीर येत नव्हता. भाऊआजोबा कुठे आहेत हे आम्हाला माहीत नव्हतं, त्यांना सांगायची परवानगी नव्हती. मध्येच कधीतरी फोन यायचा, "मी बरा आहे, अप्पांना सांगा," आणि बंद.

लढाई थांबल्यावर ते रजेवर आले. गाडी उशिरा नाशिकरोडला लागली, घरी पोचायला रात्रीचे अकरा वाजून गेले. पाऊस भुरभुरत होता. दार उघडलं आणि माईच्या लक्षात आलं की भाकरी संपलीय, डबा रिकामा आहे. अप्पा म्हणाले, "राहू दे गं, पोळी असेल तर पोळी ओवाळ." माई म्हणाली, "भाऊ, तिथेच थांब." तिने गॅस पेटवला, तवा ठेवला, परातीत बाजरीचं पीठ घेतलं आणि एक भाकरी थापली. तोवर विंग कमांडर साहेब पागोळ्यांखाली बॅग हातात धरून उभे. मी त्यांना खुर्ची नेऊन दिली, ते बसले नाहीत. भाकरी भाजून झाली, तिचा गरम तुकडा मोडताना माईची बोटं भाजली, पण तिने ओवाळूनच त्यांना आत घेतलं. त्यानंतर दोघं स्वयंपाकघरात बसून तीच उरलेली भाकरी दुधात कुस्करून खात होते. अप्पा अंथरुणावर पडले आणि लगेच झोपले. कितीतरी आठवड्यांनी त्यांना तशी झोप लागली असं ते दुसऱ्या दिवशी म्हणाले.

हुद्द्याचं तू विचारलंस, तेही सांगते. विंग कमांडरपर्यंत साधारण वर्षं भरली आणि परीक्षा पास झाल्या की माणूस चढतो. पुढे निवड असते, जागा थोड्या. भाऊआजोबांनी मध्ये चेन्नईजवळ तांबरमच्या शाळेत उड्डाणाचे शिक्षक व्हायचं शिक्षण घेतलं, मग नव्या मुलांना शिकवलं. हे काम त्यांना सगळ्यात आवडायचं. पुढे निलगिरीत वेलिंग्टनला स्टाफ कॉलेज झालं, स्क्वाड्रन सांभाळली, दिल्लीच्या मुख्यालयात फायलींमध्ये वर्षं गेली. शेवटी एअर कमोडोर झाले. लष्करातल्या ब्रिगेडियरच्या बरोबरीचा हा हुद्दा, बाहीवर एक रुंद पट्टी. त्यांच्याकडे एक पूर्ण तळ होता. धावपट्टी, विमानं, दारूगोळा, रडार, दवाखाना, शाळा, राहती घरं. रात्री धावपट्टीवर कोल्हा शिरला तरी फोन त्यांना, आणि जवानांच्या वसाहतीत पाणी आलं नाही तरी त्यांनाच.

त्यांच्या वर एअर व्हाइस मार्शल, एअर मार्शल, आणि सगळ्यांच्या वर एकच एअर चीफ मार्शल. मुळगावकर, टिपणीस, नाईक, चौधरी ही मराठी माणसं तिथवर पोचली. त्यातले विवेक चौधरी नांदेड जिल्ह्यातल्या हस्तरा गावचे, आणि प्रदीप नाईक सातारच्या सैनिक शाळेत शिकलेले. भाऊआजोबा निवृत्त झाले तेव्हा "मार्शल कसे नाही झालात?" असं विचारणारे लोक आपल्या नात्यात निघाले. मला त्यांचा राग आला होता, अजून येतो. बरोबर शिकलेल्यांपैकी किती जण या हुद्द्यापर्यंत येतात आणि किती जण मधेच फोटोत जाऊन बसतात, हे त्यांना कोणी सांगितलं नव्हतं.

आता विश्वासाचं. भाऊआजोबांइतका पडताळून बघणारा माणूस मी दुसरा पाहिलेला नाही. उड्डाणाआधी फॉर्म ७०० नावाची वही असते. इंजिनवाला, विजेच्या कामाचा, शस्त्रांचा, ज्याने त्याने आपलं काम तपासून तिच्यात सही करायची, आणि मग वैमानिकाने सगळं वाचून विमान ताब्यात घेतल्याची सही करायची. परत आलं की काय खटकलं ते लिहायचं. त्यांच्या सहीच्या वर एखाद्या कॉर्पोरलची, अप्पांसारख्याच हातांच्या माणसाची सही असायची, आणि तिच्यावर भरवसा ठेवून ते उडायचे. नशिबावर त्यांनी कधी काही सोडलं नाही. भाकरीच्या तुकड्याने विमान सावरत नाही हे त्यांना तुझ्या-माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे.

मी कॉलेजात असताना त्यांना तुझाच प्रश्न विचारला होता, जरा तावातच. ते म्हणाले, "अगं, अप्पा विमान जोडायचे, मी उडवायचो. आई आणि माई घरात बसून काय करणार होत्या? त्यांना माझ्यासाठी एवढं एकच करता येत होतं. ते कसं नको म्हणू?" एवढंच बोलले आणि वर्तमानपत्र उघडलं.

माझं उत्तर तेच आहे, रेवा. त्या दारात ते एअर कमोडोर नसतात. माईचे धाकटे भाऊ असतात, आणि धाकट्याने थोरल्या बहिणीपुढे उभं राहायचं असतं. आपल्याकडे घरातला मान वयाचा आणि नात्याचा, तो बाहेरच्या हुद्द्याने खालीवर होत नाही. ते निवृत्त झाल्यावर तरी माईने थांबायला हवं होतं, असं माझ्या आईचं म्हणणं आहे. मला तसं वाटत नाही. इतकी वर्षं प्रत्येक वेळी माणूस परत आला, मग पद्धत मोडायची ती कोणत्या दिवशी?

आणि हे फक्त मुलांसाठी असतं असं समजू नकोस. २०१६ साली तीन मुली लढाऊ वैमानिक झाल्या, आणि २०२५ च्या मे महिन्यात खडकवासल्याहून मुलींची पहिली तुकडी बाहेर पडली. मुलींना सैन्यदलांसाठी तयार करणारी सरकारी संस्था आता नाशिकमध्येच आहे. तुला जायचं असेल तर जा, माई तुझ्यावरूनही ओवाळेल.

२६ सप्टेंबर २०२५ ला चंडीगडला मिग-२१ ला निरोप दिला, तो कार्यक्रम भाऊआजोबांनी टीव्हीवर पूर्ण पाहिला. पुढच्याच महिन्यात ओझरला तयार झालेलं तेजस हे लढाऊ विमान उडालं. तुला ओझरला न्यायला सांग, ते खुशीने नेतील. जुन्या कॉलनीतलं अप्पांचं क्वार्टरही दाखवतील. वाटेत तांबरमच्या दिवसांबद्दल विचार, खूप बोलतील. दिवाणखान्यातल्या गटाच्या फोटोबद्दल मात्र तू होऊन विचारू नकोस. त्यांना वाटलं तर तेच एकेकाचं नाव घेऊन सांगतील, मग मन लावून ऐक.

माईला गुडघ्याच्या गोळ्या वेळेवर घ्यायला लाव. तुझा पांढरा सदरा माझ्या कपाटात दुसऱ्या खणात आहे. बाकी रविवारी फोनवर बोलू.

तुझी,
आई